पार्किंगमधला कुत्र्या-मांजराच्या मुताचा वास कसा घालवायचा (मी आधी केलेल्या चुकांसकट)

आधी एक सांगतो, गॅरेज म्हटलं की नाशकात लोकांच्या डोळ्यासमोर मिस्त्री, ग्रीस आणि उघडून ठेवलेली बुलेट येते, मी बोलतोय ते घरच्या गाडीच्या जागेबद्दल, मग ते रो हाऊसखालचं शटरवालं गॅरेज असो, बिल्डिंगचं पार्किंग असो की बंगल्याच्या बाजूला पत्रे टाकून केलेली शेड. आमचं पाथर्डी फाट्याकडं भाड्याचं रो हाऊस, एप्रिलमध्ये राहायला आलो. आधीच्या भाडेकरूकडे दोन कुत्रे होते एवढं मालकांनी सांगितलेलं, ते कुत्रे रात्रभर शटरच्या आत कोंडलेले असायचे हे मात्र सांगितलं नव्हतं. एप्रिल-मे काहीच जाणवलं नाही, ऊन असं की सगळं खडखडीत वाळलेलं. मग जूनमध्ये पहिला पाऊस पडला, सगळं जग मातीच्या वासानं खूश आणि आमच्या शटरमधून असा भपकारा आला की बायको म्हणाली, अहो खाली काही मेलंय का बघा जरा.

मग दोन महिने मी जे जे केलं ते बहुतेक चुकीचं होतं. पांढरं फिनाईल ओतलं, दोन दिवस फिनाईल अधिक मूत असा मिक्स वास आला. मोगऱ्याचा रूम फ्रेशनर मारला, मोगरा अधिक मूत. मग कुणीतरी म्हणालं टीसीएल पावडर (ब्लीचिंग पावडर) टाक, एकदम साफ होतं बघ, तर ती पाण्यात कालवून ओतली आणि शटर अर्धं खाली होतं, पाच मिनिटांत डोळे चुरचुरायला लागले, घसा धरला, खोकत बाहेर आलो. नंतर कळलं की ब्लीच आणि मुतातला अमोनिया एकत्र आले की क्लोरामाइन नावाचा विषारी वायू तयार होतो. तेव्हा हे पहिलं लक्षात ठेवा, मुताच्या जागेवर टीसीएल, ब्लीच, ब्लीचवालं कुठलंही क्लीनर टाकायचं नाही, आणि त्यावर वरून संडास साफ करायचं ॲसिड तर अजिबातच नाही कारण ब्लीच आणि ॲसिड मिळून क्लोरीन सुटतो, बंद गॅरेजमध्ये माणूस आडवा होईल.

आता हा वास जात का नाही ते समजून घ्या, पुढचं सगळं त्यावरच आहे. मुतात युरिया असतो. ताजं मूत, निदान कुत्र्याचं, एवढं काही वास मारत नाही. फरशीवरचे, धुळीतले बॅक्टेरिया तो युरिया फोडतात आणि अमोनिया बनतो, नाकाला झोंबतो तो हाच. शेतीवाल्या घरातला माणूस असेल तर पटकन कळेल, ओल्या रानात युरिया उघडा पडला की उडून जातो म्हणून आपण तो मातीआड करतो ना, तेच इथं होतंय, फक्त तुमच्या गाडीखाली. मांजराचं प्रकरण अजून वेगळं, त्याच्या मुतात फेलिनिन नावाचं एक रसायन असतं, त्याचे तुकडे झाले की गंधकवाली संयुगं बनतात, नसबंदी न झालेल्या बोक्यात हे सगळ्यात जास्त, म्हणून बोक्यानं एकदा मारलेली पिचकारी तुम्हाला जिन्यापर्यंत कळते.

आणि कोबा दिसायला दगड, पण आतून बारीक बारीक भोकांचा. मूत त्यात झिरपतं, पाणी उडून जातं, क्षार आणि बाकीचा माल आतच बसतो. हे क्षार हवेतला दमटपणा ओढून घेतात, परत ओले होतात, बॅक्टेरिया परत कामाला लागतात. म्हणून मे महिन्यात घर बघायला गेलात तर वास नाही आणि जूनमध्ये पश्चात्ताप. वरवर पुसून काही होत नाही कारण वास फरशीवर नाहीच, फरशीच्या आत आहे. जे औषध वापराल ते मूत जिथपर्यंत गेलं तिथपर्यंत पोचलं पाहिजे आणि तिथं पुरेसा वेळ ओलं राहिलं पाहिजे, माझे दोन महिने वाया गेले ते एवढी एक गोष्ट माहीत नव्हती म्हणून.

बरं, साफ करायला बसायच्या आधी हा वास मुताचाच आहे का ते बघा. हसू नका. आमच्या शेजारच्या काकांनी महिनाभर गल्लीतल्या मांजराला शिव्या घातल्या आणि निघाली चिचुंद्री, जुन्या पुठ्ठ्याच्या खोक्यामागे. चिचुंद्रीचा वास उग्र, कस्तुरीसारखा गोडसर-कुजट असतो, अमोनियासारखा डोळ्याला झोंबत नाही. दुसरी शक्यता म्हणजे कोपऱ्यातली सांडपाण्याची जाळी. तिच्याखालच्या ट्रॅपमध्ये, म्हणजे वळणाच्या पाइपात, थोडं पाणी साचलेलं असतं तेच गटाराचा वास अडवतं, उन्हाळ्यात वापर नसला की ते पाणी आटतं आणि ड्रेनेजचा वास सरळ आत. एक मोठा तांब्या पाणी ओता, तासाभरात वास कमी झाला तर प्रश्न मुताचा नाहीच, तुमचे पैसे वाचले.

मुताचंच आहे हे नक्की झालं की जागा शोधायची. नाकाला पाच मिनिटांत सवय होते म्हणून बाहेर जाऊन, चहाबिहा पिऊन परत यायचं आणि गुडघ्यावर बसून कोपरे हुंगायचे, लोक बघतात, बघू द्या. रात्री दिवे बंद करून यूव्ही टॉर्च मारला तर जुने डाग पिवळट-हिरवट चमकतात, ऑनलाइन काही शे रुपयांत मिळतो, ३६५ नॅनोमीटरवाला ३९५ पेक्षा बरा. पण कपड्याची पावडर सांडलेली असेल तर तीही चमकते, निळसर पांढरी, आणि कोब्यात खोल गेलेलं जुनं मूत दर वेळी चमकेलच असं नाही. माझी सगळ्यात भरवशाची युक्ती बिनपैशाची आहे, कोरड्या फरशीवर फूट-दीड फूट अंतरानं कोमट पाण्याचे शिपके मारायचे, दहा मिनिटं थांबायचं आणि हुंगायचं. जिथं मूत मुरलंय तिथं पाणी पडलं की वास उठतोच, घरबसल्या पहिला पाऊस पाडल्यासारखं. सापडलेल्या जागेभोवती खडूनं गोल करा, आणि प्रत्यक्ष डागापेक्षा वीतभर मोठा करा कारण आत ते पसरलेलं असतं.

फरशीच बघू नका फक्त. कुत्रा पाय वर करतो, बोका शेपटी उभी करून मागे पिचकारी मारतो, म्हणजे भिंतीचा खालचा दीड-दोन फुटांचा पट्टा, पिलर, शटरच्या खालच्या पट्ट्यांच्या खाचा, शटरच्या पट्टीचं रबर, गाडीचे टायर. आमच्याकडे निम्मा वास एका जुन्या प्लायवूडच्या फळीत होता आणि मी इकडं फरशी घासतोय. पुठ्ठे, गोणपाट, जुनी गादी, कच्चं लाकूड, फोमचा तुकडा, यांना मूत लागलं असेल तर साफ करायच्या नादी लागू नका, सरळ घंटागाडीत द्या. तुम्हाला "कामाला येईल" म्हणून ठेवलेल्या वस्तूंबद्दल घरच्यांशी भांडण करायची ही चांगली संधी आहे.

आता फरशी कसली आहे हे बघणं फार गरजेचं, आणि इथं नेटवरचे बाहेरच्या देशातले व्हिडिओ आपल्याला फसवतात. ते सगळे सांगतात व्हिनेगर ओता. त्यांच्याकडे गॅरेज म्हणजे काँक्रीट. आपल्याकडे निम्म्या पार्किंगला शहाबादी नाहीतर कोटा असतो, आणि हे दोन्ही चुनखडीचे दगड, ॲसिड पडलं की खातं त्यांना. कोट्याचं पॉलिश जाऊन पांढरे चट्टे पडतात ते परत मशीन लावल्याशिवाय जात नाहीत. म्हणून आधी एका लपलेल्या कोपऱ्यात व्हिनेगरचा थेंब टाका, बारीक फेस आला तर त्या फरशीवर व्हिनेगर नाही, लिंबू नाही, संडासचं ॲसिड नाही. सिमेंटलाही ॲसिड थोडं खातंच, पण साधा कोबा किंवा चेकर्ड टाइल्स असतील तर पातळ करून, थोडा वेळ ठेवून धुतलं तर चालतं, तिथं आपण ब्युटी बघत नाही.

काम करायला दिवस निवडा फेब्रुवारी ते मेमधले. पावसाळ्यात फरशी वाळतच नाही आणि डिसेंबर-जानेवारीत नाशिकची थंडी तुम्हाला माहितीये, एन्झाइमवालं औषध (मुतातला माल फोडणारं, पुढे सांगतो) गारठ्यात फार हळू चालतं. शटर पूर्ण वर, एक टेबल फॅन बाहेरच्या बाजूला हवा फेकत ठेवा. रबरी हातमोजे आणि गमबूट घाला, हे नखरे नाहीत, कुत्र्याच्या आणि उंदराच्या मुतातून लेप्टो (लेप्टोस्पायरोसिस) हा आजार पसरतो, हाताला-पायाला खरचटलेलं असेल तर अजूनच जपा. पोरांना आणि आपल्या पाळीवाला वर पाठवून द्या.

पहिलं काम नुसतं पाणी. होय, नुसतं पाणी, साबण नाही. आधी फिनाईल, ब्लीच, साबण काय काय ओतलेलं असतं ते सगळं निघालं पाहिजे नाहीतर पुढचं एन्झाइम मरतं. चांगली भिजलेली फरशी कडक ब्रशनं, काथ्याचा किंवा नायलॉनचा, घासायची, तारेचा ब्रश कोट्यावर नको. आणि सगळ्यात महत्त्वाचं, हे घाण पाणी बाहेर ओढायचं, वायपरनं जाळीकडे, मग उरलेलं जुन्या टॉवेलनं किंवा लाकडाच्या भुशानं टिपायचं. नुसतं पाणी मारून वाळू दिलं तर पाण्याबरोबर घाण आधी अजून आत जाते आणि वाळताना परत वर येते. ओळखीचा कार वॉशवाला असेल तर त्याच्याकडचा ओला व्हॅक्यूम दोन तासांसाठी मागा, चहापाण्यात काम होतं, माझ्या मते या सगळ्या प्रकरणात सगळ्यात जास्त फरक त्यानंच पडला. असं दोन-तीनदा करा, बादलीतलं पाणी पिवळट यायचं थांबेपर्यंत.

दुसरं, कोबा असेल तर किचनमधलं पांढरं व्हिनेगर आणि पाणी निम्मं निम्मं, जागा ओली होईल इतकं, दहा-पंधरा मिनिटं, मग भरपूर पाण्यानं धुवायचं. अमोनिया अल्कली आहे, व्हिनेगर ॲसिड, दोघं मिळून वास नसलेलं मीठ बनतं. हे झालं की झोंबणारा वास लगेच कमी होतो आणि माणूस खूश होऊन तिथंच थांबतो, मीही थांबलो होतो, पंधरा दिवसांनी परत वास. कारण व्हिनेगरनं वास मिटतो, वास तयार करणारा माल तसाच राहतो. कोटा-शहाबादीवाल्यांनी ही पायरी सोडूनच द्या, काही बिघडत नाही.

मांजराचा वास असेल, किंवा कुत्र्याचाच पण फार जुना, तर हायड्रोजन पेरॉक्साइड. मेडिकलमध्ये जखमा धुवायचं मिळतं तेच, बाटलीवर बघा, आपल्याकडे बहुतेक ६ टक्के लिहिलेलं असतं, त्यात तेवढंच पाणी घातलं की ३ टक्के होतं आणि आपल्याला ३ च पाहिजे. मेडिकलवाला दादा पाच-सहा बाटल्या मागितल्या की विचित्र बघतो, सांगा त्याला खरं काय ते. एक लिटर अशा पातळ पेरॉक्साइडला साधारण पाव कप खायचा सोडा आणि एक चमचा भांडी घासायचं लिक्विड. हे उघड्या बादलीतच बनवायचं आणि लगेच वापरायचं, उरलं तर फेकायचं, बाटलीत भरून बूच लावलंत तर आत गॅस होऊन बाटली फुटते. ओतायचं, फेस येतो, ब्रशनं हलकं घासायचं, अर्धा तास ठेवून धुवायचं. गंधकवाल्या त्या मांजरी वासाला हे खरंच तोडतं. रंग उडवतं पण, म्हणून आधी कोपऱ्यात बघा आणि अंगावर जुने कपडे. व्हिनेगर आणि पेरॉक्साइड एकत्र कालवायचं नाही कधीच, त्यातून पेरॲसिटिक ॲसिड बनतं, डोळ्याला आणि छातीला वाईट, आधी वापरलेलं व्हिनेगर पूर्ण धुऊन झाल्यावरच हे घ्यायचं.

मग येतं मुख्य औषध, एन्झाइमवालं क्लीनर. पेट शॉपमध्ये किंवा ऑनलाइन मिळतं, बाटलीवर एन्झाइम किंवा बॅक्टेरिया असल्याचं स्पष्ट लिहिलेलं बघून घ्या, नुसतं पेट ओडर रिमूव्हर असं लिहिलेल्या अर्ध्या बाटल्यांत फक्त सेंट असतो. पेरॉक्साइड वापरलं असेल तर धुऊन एक दिवस मध्ये जाऊ द्या. आता लोक इथं काय करतात की परफ्युमसारखे चार फवारे मारतात आणि म्हणतात काही उपयोग नाही. अहो, कुत्र्यानं तिथं वर्षभर लिटरनं ओतलंय. औषधही तेवढंच जिरलं पाहिजे, खडूचा गोल पूर्ण थबथबेपर्यंत. आणि वाळलं की एन्झाइमचं काम बंद, म्हणून वरून प्लॅस्टिकचा कागद टाकून कडेनं विटा ठेवायच्या. नाशकात याची सोय सोपी आहे, कुणाच्यातरी मळ्यात मल्चिंग पेपरचा उरलेला रोल पडलेला असतोच, मावसभावाला फोन करायचा. चोवीस तास तरी झाकून ठेवा, जुन्या डागाला दोन-तीन दिवस. पहिल्या दिवशी वास वाढल्यासारखा वाटेल, घाबरू नका, आतला माल फुटतोय. नंतर धुवायची घाई नको, उघडं करून हवेवर वाळू द्या.

मळ्याचा विषय निघालाच आहे तर, औषध मारायला द्राक्षाच्या फवारणीचा पाठीवरचा पंप आणू नका, मी आणणार होतो, मावसभावानंच थांबवलं. त्यात कधी बुरशीनाशक, कधी तणनाशक जाऊन आलेलं असतं, ते तुमच्या गॅरेजमध्ये आणि मग कुत्र्याच्या पंजाला कशाला. दोन लिटरचा नवा हातपंप नर्सरीत मिळतो, नाहीतर सरळ झारी वापरा.

आता बायो-एन्झाइम. प्रत्येक सोसायटीत एक काकू असतात ज्या गूळ एक भाग, लिंबू-मोसंबीची सालं तीन भाग, पाणी दहा भाग असं तीन महिने डब्यात ठेवतात आणि सगळ्या रोगावर तेच देतात. वाईट नाहीये ते, पण ते मुख्यतः आंबट पाणी असतं, व्हिनेगरचा भाऊ समजा, त्यामुळे कोब्यावर वरवरच्या वासाला ठीक, रोजच्या पुसण्याला छान, पण वर्षभर मुरलेल्या मुताला विकतच्या एन्झाइमच्या जागी ते चालेल असं समजू नका आणि कोट्यावर तर तेही नको. काकूंना हे तोंडावर सांगू नका, मी सांगितलं, त्या अजून नीट बोलत नाहीत.

खायचा सोडा पण उगाच फार डोक्यावर चढवून ठेवलाय लोकांनी. अमोनिया स्वतःच अल्कली, सोडाही अल्कलीकडचाच, तो अमोनियाला काय पकडणार. बाकीचे आंबट-कुबट वास तो थोडे ओढतो, म्हणून सगळं झाल्यावर शेवटी रात्रभर भुरभुरून सकाळी झाडून घ्यायला बरा, बस. त्यापेक्षा शहाबादी-कोट्यावर मला मुलतानी माती जास्त आवडली. पाण्यात दह्याएवढी घट्ट कालवायची, डागावर बोटभर जाड थापायची, वर प्लॅस्टिक, दुसऱ्या दिवशी प्लॅस्टिक काढून वाळू द्यायची. वाळताना ती दगडातलं पाणी आणि त्याबरोबर क्षार वर ओढते, मग खरवडून टाकायची. चेहऱ्याला लावतात तसंच, फक्त चेहरा शहाबादचा. दोनदा-तीनदा करावं लागतं.

पेव्हर ब्लॉक असतील तर वरून कितीही ओता, मूत फटीतून खालच्या कचमध्ये गेलेलं असतं. तेवढ्या भागातले ब्लॉक उचला, खालची चार बोटं कच काढून टाका, नवी भरा, ब्लॉक बादलीत एन्झाइमच्या पाण्यात रात्रभर बुडवून परत बसवा. अर्ध्या दिवसाचं काम आहे, मिस्त्री लागत नाही.

भिंतीला चुना किंवा साधा डिस्टेंपर असेल तर तो पट्टा खरवडून काढा, एन्झाइम मारा, पूर्ण वाळल्यावर प्रायमर आणि वर ऑइल पेंटचे दोन हात, तीन फुटांपर्यंत. ज्यांना परवडतं त्यांनी तीन फुटांचा टाइलचा डॅडो करून टाकावा, पुढची भानगडच नको. शटरच्या खाचांना जुना टूथब्रश आणि मग ऑइलिंग, मुतानं पत्रा गंजतो.

हे सगळं झाल्यावर आठवडाभर वाळू द्या आणि परत तीच शिपक्याची परीक्षा घ्या, कोमट पाणी, दहा मिनिटं, नाक. कोरड्या फरशीला वास नाही म्हणून जिंकलो समजू नका. एखाद्या गोलात अजून येत असेल तर तेवढ्यालाच परत एन्झाइम. माझ्या सात गोलांपैकी चार पहिल्या फेरीत गेले, दोन दुसऱ्या, आणि शटरजवळचा एक तिसऱ्या फेरीनंतरही थोडा होता.

त्यासाठी मग सीलर. अंबड-सातपूरला कंपनीत कामाला असाल तर शॉप फ्लोअरचा चकचकीत इपॉक्सी बघितला असेल, तोच प्रकार, किंवा काँक्रीटमध्ये मुरणारा साधा पारदर्शक सीलर. भोकं बुजली की आतलं वर येत नाही आणि नवीन मूत आत जात नाही, पुसलं की गेलं. पण घाई केली की वाट लागते, आत ओल असेल तर इपॉक्सी पापुद्र्यासारखा उचलतो. आधी दीड फूट बाय दीड फूट प्लॅस्टिकचा तुकडा चारी बाजूंनी चिकटपट्टीनं फरशीवर बंद करा, दुसऱ्या दिवशी खालून थेंब दिसले किंवा फरशी काळपट झाली तर अजून वाळलेलं नाही. आणि सफाई न करताच वरून सीलर मारून वास झाकायचा प्रयत्न करू नका, एका ओळखीच्यांच्या ठेकेदारानं तसंच केलं होतं, दोन पावसाळ्यांत कडेनं सुटला आणि आत सगळं तसंच. इपॉक्सी ओला झाला की घसरतो, स्कूटरवाले असाल तर त्यात बारीक वाळू मिसळून घ्या.

आता परत येणाऱ्यांचं काय. जनावर जुना वास आला की तिथंच करतं, म्हणून वर सांगितलेली सफाई हाच अर्धा बंदोबस्त आहे. लाल-निळ्या पाण्याच्या बाटल्या दारात ठेवायचं आपल्याकडे किती वर्षं चाललंय, आमच्या गल्लीत एका बाटलीवरच कुत्रा पाय वर करून गेलेला मी स्वतः बघितलाय. डांबर गोळ्या टाकू नका, कुत्र्या-मांजराला विषारी असतात आणि लहान पोरं गोळी समजून तोंडात घालतात. तिखट टाकणं म्हणजे निव्वळ क्रूरपणा, शिवाय पंख्यानं उडून आपल्याच डोळ्यात. काळं फिनाईल मांजर असलेल्या घरात नको, त्यातलं फिनॉल मांजराच्या लिव्हरला पचत नाही आणि ती पंजे चाटते. टायरवर करणाऱ्या कुत्र्यांसाठी रोज संध्याकाळी टायरवर मग्गाभर पाणी मारा, गाडी दिवसभर सिडकोपासून नाशिकरोडपर्यंत दहा ठिकाणी उभी राहते आणि तिथल्या कुत्र्यांचा निरोप टायरवर घेऊन येते, आपला गल्लीतला गडी त्याला उत्तर देतो, इतकं साधं आहे. शटर-गेटखालची फट जाळीनं बंद करा. गल्लीतल्या कुत्र्यांना उचलून लांब सोडा असं कुणी म्हणालं तर ते होत नाही, २०२३ च्या प्राणी जन्म नियंत्रण नियमांप्रमाणे नसबंदी करून त्यांना साधारणपणे होते तिथंच परत सोडतात, आणि नसबंदी झालेला नर जागोजागी पाय वर करणं पुष्कळ कमी करतो, म्हणून महापालिकेकडे मागणी करायचीच तर नसबंदीची करा.

आणि आपलंच कुत्रं-मांजर अचानक गॅरेजमध्ये करायला लागलं असेल तर रागावण्याआधी डॉक्टरला दाखवा, मूत्रमार्गाचं इन्फेक्शन, किडनी, डायबेटिस, म्हातारपण, काहीही असू शकतं. बोका कोपऱ्यात बसून कुंथतोय आणि काहीच येत नाहीये असं दिसलं तर सफाई राहू द्या, त्याच तासाला दवाखाना, लघवी तुंबली की एक-दोन दिवसात जीव जातो. मांजरं पाळत असाल तर जेवढी मांजरं त्यापेक्षा एक ट्रे जास्त ठेवा.

ताजं मूत दिसलं तर एवढा सगळा पसारा लागत नाही, आधी टिपायचं, घासायचं नाही, मग पाणी, मग थोडं एन्झाइम, पाच मिनिटांचं काम. मी आता शटरच्या मागे एक जुना टॉवेल, हातपंप आणि बाटली कायमची ठेवलीये.

यंदा पहिला पाऊस संध्याकाळी आला, मी शटर उघडून आत जमिनीला नाक लावून बसलेलो, एकेक कोपरा, शटरजवळचा तो सातवा गोल दोनदा. समोरच्या वहिनी छत्री घेऊन जात होत्या, थांबल्या, म्हणाल्या, भाऊजी, काही पडलंय का? म्हटलं नाही वहिनी, काहीच नाहीये, तेच बघतोय.